कोंडवाडा ते तहसील कचेरी : जप्त गाडीच्या सोडवणुकीचा इतिहास

पुणे जिल्ह्यातल्या बहुतेक तहसील कचेऱ्यांच्या आवारात किंवा पोलीस ठाण्याच्या कुंपणाला लागून डंपर, टिपर आणि ट्रॅक्टर-ट्रॉल्यांची एक रांग दिसते. काहींच्या चाकांतली हवा गेलेली असते. काहींच्या हौद्यात अजून वाळू असते आणि पावसाळ्यात तिच्यावर गवत उगवते. अवैध वाळू वाहतुकीच्या आरोपावरून पकडलेल्या या गाड्या. त्यांतल्या काही चार दिवसांत निघून जातात, काही चार वर्षे तशाच उभ्या राहतात.

आपल्याकडे माणूस जामिनावर सोडवतात, गहाण जमीन सोडवतात, कोंडवाड्यातून गुरे सोडवतात. त्याच ओळीत आता 'गाडी सोडवणे' हा प्रयोग येऊन बसला आहे. कुठे धावपळ करायची, कोणता अर्ज द्यायचा, किती रक्कम भरायची, याचे तपशील मालक-चालकांच्या जगात तोंडपाठ असतात. मात्र हा व्यवहार आला कुठून, हा प्रश्न क्वचितच विचारला जातो. वाळू चोरीला जाते नदीतून, चोरतो माणूस, विकत घेतो दुसराच माणूस. मग कायद्याचा हात गाडीवरच का पडतो? आणि गाडी सुटली की प्रकरण मिटले, असे दोन्ही बाजूंना का वाटू लागते? या लेखात या सोडवणुकीचा माग काढायचा आहे. माझे म्हणणे थोडक्यात असे : गेल्या दीडशे वर्षांत वाळूचा कायदा हळूहळू वाहनाचा कायदा झाला. या प्रवासात सरकारच्या हाती जप्तीचे हत्यार धारदार होत गेले, पण चुकून पकडल्या गेलेल्या मालकासाठी जी दाद एके काळी कायद्यातच लिहिलेली होती, ती मागेच राहिली.

दिघीची वाट

हा माग काढायला दिघी सोयीची आहे. रायगडचे बंदर असलेली दिघी वेगळी. ही पुण्याच्या उत्तरेची, आळंदी रस्त्यावरची. ज्ञानेश्वर माउलींची पालखी आळंदीहून पुण्याला निघते ती याच वाटेने जाते. गावाभोवती लष्कराची जमीन आहे, संरक्षण संशोधनाची अभियांत्रिकी प्रयोगशाळा आहे, आणि जवळच्या चौकाचे 'मॅगझीन' हे नाव दारूगोळ्याच्या कोठाराची आठवण देते. १९९७ साली आसपासच्या गावांबरोबर दिघी पिंपरी-चिंचवड महापालिकेत आली आणि शेतांच्या जागी इमारती उभ्या राहू लागल्या.

दिघीला स्वतःचे वाळूचे पात्र नाही. इंद्रायणी उत्तरेकडून मोशी, डुडुळगाव, चऱ्होली, आळंदी अशी वाहत जाते आणि पुढे तुळापूरला भीमेला मिळते. मुळात हा सगळा मुलूख काळ्या पाषाणाचा. बेसाल्ट झिजला की त्याची वाळू थोडी आणि चिकणमाती जास्त होते. म्हणून इथल्या नद्यांत वाळू आहे, पण मुबलक नाही. शेकडो वर्षांत साठलेली, एकदा उपसली की लवकर न भरणारी. चुन्याच्या घाणीतून बांधकामे होत होती तोवर ती पुरली. काँक्रीटचे युग आले तसे हिशेब बदलले.

१९५४ मध्ये पिंपरीत हिंदुस्तान अँटिबायोटिक्सचा कारखाना आला. १९६२ मध्ये औद्योगिक विकास महामंडळ स्थापन झाले आणि भोसरीपासून पुढे कारखान्यांच्या शेड उठल्या. १९७० मध्ये नगरपालिका आणि १९८२ मध्ये महापालिका झाली. त्यानंतर चाकणला मोटारींचे मोठे कारखाने आले. कामगार आले, त्यांना घरे लागली, घरांना स्लॅब लागले, स्लॅबला वाळू लागली. ती शिरूर, दौंड, इंदापूरकडून, म्हणजे भीमा-घोडच्या पात्रांतून येऊ लागली. नदी आणि इमारत यांच्यामध्ये आता साठ-सत्तर किंवा त्याहून जास्त किलोमीटरचा रस्ता होता. ज्या पट्ट्यात ट्रक तयार होतात, ज्या आकुर्डीच्या बजाज टेम्पो कंपनीमुळे 'टेम्पो' हा शब्द मराठीत सामान्यनाम झाला, त्याच पट्ट्यात वाळूचा ट्रक पकडणे हे रोजचे काम झाले. नदीवरचा उपसा रात्री होतो, लपून होतो, आणि तिथे पोचायला वेळ लागतो. इमारतीत पोचलेली वाळू सिमेंटमध्ये मिसळली की तिचा पुरावा संपतो. मधला रस्ता तेवढा उघडा असतो. वाळू सापडण्याची जागा म्हणजे नाका. दिघीसारखी गावे वाळूच्या इतिहासात येतात ती या वाटेवरची गावे म्हणून.

कोंडवाडा

वस्तू अडवून ठेवायची आणि पैसे भरल्यावर सोडायची, हा व्यवहार आपल्या गावांना नवा नव्हता. त्याचे सर्वांत परिचित रूप म्हणजे कोंडवाडा. १८७१ चा गुरे अतिक्रमण अधिनियम वाचताना आजच्या वाचकाला गंमत वाटते, पण तो फार विचारपूर्वक केलेला कायदा आहे. शेतात शिरून पिकाचे नुकसान करणारे जनावर शेतकऱ्याने धरावे आणि चोवीस तासांच्या आत कोंडवाड्यात पोचवावे. मालकाने येऊन दंड आणि चाऱ्याचा खर्च भरावा, जनावर घेऊन जावे. दंडाचे कोष्टक जनावराच्या आकारावर होते : हत्तीला दोन रुपये, म्हशीला आठ आणे, बैलाला चार आणे, गाढवाला दोन आणे, शेळीला एक आणा. सात दिवसांत मालक आला नाही तर नोटीस निघे आणि पुढे जाहीर लिलाव होई.

या कायद्याची दुसरी बाजू सहसा कोणी सांगत नाही. आपले जनावर बेकायदा धरले असे मालकाला वाटले, तर त्याने धरल्यापासून दहा दिवसांत दंडाधिकाऱ्याकडे तक्रार करावी अशी सोय त्यात होती. तक्रार खरी ठरली तर धरणाऱ्याने मालकाला शंभर रुपयांपर्यंत नुकसानभरपाई द्यावी आणि भरलेला दंड व खर्चही परत मिळावा, अशीही तरतूद होती. ज्या काळात बैलाला चार आणे दंड होता, त्या काळात शंभर रुपयांची भरपाई ही लहान गोष्ट नव्हे. धरणाऱ्यालाही जबाबदार धरायचे, हे सूत्र त्या कायद्यात होते.

दुसरे मूळ जंगलाच्या कायद्यात आहे. १८७८ च्या आणि नंतर १९२७ च्या वन अधिनियमात चोरट्या लाकडाबरोबर हत्यारे, होड्या, गाड्या आणि बैलही जप्त करण्याचा अधिकार अधिकाऱ्याला मिळाला. 'गाडी जप्त' हे शब्द आपल्या ग्रामीण भागाने बहुधा इथूनच ऐकले. बैलगाडी म्हणजे कुटुंबाची सर्वांत मोठी चल मालमत्ता. ती गेली की पेरणी गेली. म्हणून वन खात्याचा धाक हा दंडापेक्षा जप्तीचा धाक होता. मात्र त्या कायद्यातही मालकाने जातमुचलका लिहून दिल्यास वस्तू सोडण्याची, आणि किरकोळ गुन्हा तडजोडीने मिटवण्याची वाट ठेवलेली होती.

वस्तूलाच दोषी मानण्याची कल्पना फक्त आपल्याकडची नाही. इंग्लंडमध्ये मध्ययुगापासून एक प्रथा होती : एखाद्या गाडीखाली माणूस मेला तर ती गाडी किंवा तिची किंमत राजाकडे जमा व्हायची. तिचे नावच मुळी 'देवाला अर्पण करायची वस्तू' अशा अर्थाचे होते. रेल्वे आली, अपघात वाढले, पंच इंजिनांवर मोठमोठ्या रकमा बसवू लागले, तेव्हा १८४६ मध्ये पार्लमेंटने ही प्रथाच बंद केली. तिथे यंत्रयुग आल्यावर वस्तूवरचा दोष काढून माणसावर ठेवला गेला. आपल्याकडे वाळूच्या बाबतीत घडले ते याच्या नेमके उलट.

वाळवंट आणि वाळूगट

मराठीत वाळवंट म्हणजे केवळ राजस्थानातला ओसाड प्रदेश नव्हे. चंद्रभागेचे वाळवंट ही कीर्तनाची, खेळाची, भेटीची जागा. जातिभेदाच्या काळात सर्वांना एकत्र उभे राहता येईल अशी ती मोकळी भूमी होती. आज सरकारी कागदात त्याच वाळूला 'वाळूगट' म्हणतात : अमुक गट क्रमांक, इतके ब्रास, इतकी हातची किंमत. शब्द बदलला तो मालकी बदलल्यामुळे.

१८७९ च्या मुंबई जमीन महसूल कायद्याने नद्यांची, ओढ्यांची पात्रे सरकारी मालमत्ता ठरवली आणि खनिजांवरचा सरकारचा हक्क राखून ठेवला. गावकऱ्याने घरापुरती पाटीभर वाळू नेणे तेव्हा कोणी मोजत नव्हते. स्वातंत्र्यानंतर १९५५ मध्ये मुंबई राज्याचे गौण खनिजांचे नियम आले. १९५७ च्या खाणी व खनिजे अधिनियमाने साधी वाळू, मुरूम, बांधकामाचा दगड, साधी माती यांना 'गौण खनिज' म्हटले आणि त्यांचे नियम करण्याचा अधिकार राज्यांना दिला. १९६६ च्या महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियमातले ४८ वे कलम हा आजच्या सगळ्या प्रकरणांचा कणा आहे. परवानगीवाचून खनिज काढले किंवा नेले तर बाजारभावाच्या तिपटीपर्यंत दंड, अशी त्यातल्या सातव्या पोटकलमाची मूळ रचना होती.

इथे इतिहासाच्या अभ्यासकाने थांबून आठवे पोटकलम वाचले पाहिजे. मूळ मजकुरात जिल्हाधिकाऱ्याला जप्त करता येत होते ते खनिज. वाळू जप्त करा, सरकारजमा करा. तिथे गाडीचा उल्लेख नव्हता. बेकायदा वाळू धरली तर वाळू सरकारची आणि दंड माणसाचा, असा तो सरळ हिशेब होता. गाडी हे फक्त वाहून नेण्याचे साधन होते.

वाळूकडून वाहनाकडे

एकविसाव्या शतकाच्या पहिल्या दोन दशकांत हा हिशेब कोसळला. मागणी इतकी वाढली की तिप्पट दंड हा धंद्यातला खर्च ठरला. पाच फेऱ्यांतली एक पकडली गेली तरी उरलेल्या चारांत तो निघे. पकडायला जाणाऱ्यांवर हल्ले होऊ लागले. २००४ मध्ये अलिबागजवळ किहीमच्या किनाऱ्यावर वाळूउपसा रोखायला गेलेल्या सुमैरा अब्दुलअली यांना मारहाण झाली. दोन वर्षांनी त्यांच्या आवाज फाउंडेशनने मुंबई उच्च न्यायालयात जनहित याचिका केली. २०१२ मध्ये दीपक कुमार विरुद्ध हरियाणा राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने पाच हेक्टरांहून लहान क्षेत्रातल्या गौण खनिजांनाही पर्यावरण मंजुरी आवश्यक ठरवली. पुढच्या वर्षी ऑगस्टमध्ये राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाने अशा मंजुरीवाचूनच्या वाळूउपशाला देशभर मनाई केली. त्याच २०१३ मध्ये राज्याचे गौण खनिजांचे नवे नियम आले.

परिणाम दुहेरी झाला. मंजुरीच्या प्रक्रियेमुळे लिलाव रखडले, कायदेशीर वाळू कमी झाली. इमारती मात्र थांबल्या नाहीत. भाव चढले आणि चोरी अधिक फायद्याची झाली. सरकारने उत्तर म्हणून ४८ वे कलम बदलले. दंड तिपटीवरून पाचपट झाला. आठव्या पोटकलमात खनिजाच्या जोडीला यंत्रसामग्री आणि 'वाहतुकीचे साधन' हे शब्द आले. तहसीलदारापेक्षा कमी दर्जाचा नसलेला, जिल्हाधिकाऱ्याने प्राधिकृत केलेला अधिकारी गाडी जप्त करू शकतो. जप्तीपासून अठ्ठेचाळीस तासांत ती जिल्हाधिकारी किंवा उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यासमोर आणायची. आणि त्याने, मालकाने ठरलेला दंड भरल्यावर व 'ही गाडी पुन्हा अशा कामाला वापरणार नाही' असे बंधपत्र दिल्यावर ती सोडायची, अशी नवी रचना झाली.

हा दंड किती, ते जानेवारी २०१८ मध्ये १९६८ च्या नियमांत दुरुस्ती करून ठरवले गेले. ड्रिल मशीनला पंचवीस हजार. ट्रॅक्टर-ट्रॉली, हाफ बॉडी ट्रक यांना एक लाख. फुल बॉडी ट्रक आणि डंपर यांना दोन लाख. बार्ज आणि यांत्रिक बोटीला पाच लाख. एक्स्कॅव्हेटर आणि लोडरला साडेसात लाख. शेळीला एक आणा आणि हत्तीला दोन रुपये सांगणाऱ्या १८७१ च्या कोष्टकाशेजारी हे कोष्टक ठेवून पाहावे. दोन्हीकडे दंड ठरतो तो अंगाच्या आकारावरून, केलेल्या नुकसानीवरून नव्हे. ट्रॉलीत अर्धा ब्रास असो की पूर्ण, लाख तो लाखच.

प्रत्यक्षात रक्कम कशी वाढते ते एका मांडणीने स्पष्ट होईल. टिपरचा हौदा चौदा फूट लांब, सात फूट रुंद, तीन फूट उंच धरा. तो काठोकाठ भरला तर २९४ घनफूट, म्हणजे शंभर घनफुटांच्या हिशेबाने जवळजवळ तीन ब्रास. वाळूचा बाजारभाव ब्रासला सहा हजार असा समजला तर मालाची किंमत अठरा हजार. पाचपट दंड नव्वद हजार. ब्रासला सहाशेप्रमाणे स्वामित्वधन अठराशे. गाडीचा दंड दोन लाख. बेरीज दोन लाख एक्याण्णव हजार आठशे, म्हणजे मालाच्या सोळा पटींहून जास्त, आणि तिच्यातला दोन तृतीयांशांहून अधिक भाग एकट्या गाडीचा. वाळूचा कायदा वाहनाचा झाला असे म्हणतो तो याच अर्थाने.

देशपातळीवरही वारे त्याच दिशेने वाहत होते. २०१९ मध्ये राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाने अवैध वाळूतली गाडी सोडण्यासाठी तिच्या शोरूम किमतीच्या निम्मी रक्कम घ्यावी असे म्हटले. पुढच्या वर्षी ते सौम्य करून गाडीच्या किमतीवर आणि वयावर आधारलेले दोन ते चार लाखांचे टप्पे दिले गेले. नदीचे नुकसान मोजणे अवघड, गाडीची किंमत मोजणे सोपे; म्हणून जे मोजता येते त्यावर भरपाई बसली.

भीमेच्या पात्रात, उजनीच्या फुगवट्यात, याच काळात दुसरी पद्धत रुळली. वाळू उपसणाऱ्या बोटी पकडून आणायच्या कुठे? त्यामुळे महसूल पथके त्या जाळतात, बुडवतात किंवा जिलेटिनने उडवून देतात. आणि पंढरपुरात वाळू वाहणारी गाढवे ताब्यात घेतल्याच्या बातम्या येतात, तेव्हा कोंडवाड्याचा इतिहास पुन्हा सुरुवातीच्या पानावर येतो. बोट नष्ट होते, गाढव कोंडले जाते; परत मिळवण्यासाठी खरी झुंज होते ती चाकांच्या गाडीसाठी, कारण तिच्यावर कर्ज असते.

दोन दारे

पिंपरी-चिंचवडच्या हद्दीत गाडी पकडली गेली की मालकापुढे दोन दारे असतात, आणि आधी कोणते ठोठवायचे हे ती कोणी पकडली यावर ठरते. महसूल पथकाने पकडली असेल तर मार्ग तहसील कचेरीतून उपजिल्हाधिकाऱ्यांकडे जातो. नोटीस, खुलासा, आदेश, चलन, बंधपत्र, मग गाडी. आदेश मान्य नसेल तर जमीन महसूल अधिनियमाच्या २४७ व्या कलमाखाली अपील. पोलिसांनी पकडली असेल तर गाडी 'मुद्देमाल' होते आणि ती सोडवण्याचा अर्ज न्यायदंडाधिकाऱ्यांसमोर जातो. ऑगस्ट २०१८ मध्ये पिंपरी-चिंचवडचे स्वतंत्र पोलीस आयुक्तालय झाल्यापासून दिघी पोलीस ठाणे त्याच्या अखत्यारीत आहे.

पोलीस मुळात यात कसे येतात? खाणी व खनिजे अधिनियमाखालच्या गुन्ह्याची दखल प्राधिकृत अधिकाऱ्याच्या लेखी तक्रारीवरच घेता येते, असे त्या कायद्याचे २२ वे कलम सांगते. म्हणून पोलिसांनी परस्पर गुन्हा नोंदवणे चूक, असा युक्तिवाद बरीच वर्षे चालला. २०१४ मध्ये दिल्ली राज्य विरुद्ध संजय या निकालात सर्वोच्च न्यायालयाने तो निकाली काढला. नदीतली वाळू सरकारची. ती परवानगीवाचून नेणे ही भारतीय दंड संहितेच्या ३७९ व्या कलमाखालची चोरीही आहे, आणि तिचा खटला वेगळा चालू शकतो. १ जुलै २०२४ पासून हेच कलम भारतीय न्याय संहितेत ३०३(२) म्हणून आले आहे.

मग महसुलाचा दंड भरून प्रकरण मिटते का? २०२० च्या डिसेंबरात जयंत विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या प्रकरणात नेमका हाच प्रश्न होता. उज्जैन भागात वाळूच्या गाड्या पकडल्या गेल्या, मालकांनी तडजोडीची रक्कम भरली, गाड्या सुटल्या. तरीही दंडाधिकाऱ्यांनी गुन्हे नोंदवण्याचा आदेश दिला. सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की तडजोडीने खनिज कायद्याखालचा गुन्हा मिटतो, चोरीचा नाही. 'पैसे भरले, गाडी घेतली, विषय संपला' ही समजूत तिथेच खोटी ठरली. पावती हातात असलेल्या मालकाला काही महिन्यांनी समन्स येऊ शकते.

न्यायालयाच्या दारात मालकाला सर्वांत उपयोगी पडणारा निकाल वाळूचा नाहीच. २००२ मध्ये सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य या प्रकरणात ठाण्यातल्या मुद्देमालाची अफरातफर केल्याचा आरोप खुद्द पोलिसांवर होता. त्या निमित्ताने सर्वोच्च न्यायालयाने जप्त वस्तूंची काय दशा होते ते पाहिले आणि सांगितले की गाड्या ठाण्यांत दीर्घकाळ कुजत ठेवण्यात काही अर्थ नाही. सविस्तर पंचनामा करा, छायाचित्रे काढा, योग्य बंधपत्र व जामीन घ्या आणि गाडी लवकर परत द्या. खटल्यात पुरावा म्हणून छायाचित्रे पुरतील. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या ४५१ आणि ४५७ या कलमांखालचे, आणि आता नागरिक सुरक्षा संहितेच्या ४९७ आणि ५०३ या कलमांखालचे सुपूर्तनाम्याचे अर्ज आजही याच निकालाच्या आधाराने चालतात. 'सुपूर्तनामा' या फारसी वळणाच्या शब्दात मालकी परत मिळत नाही, फक्त ताबा मिळतो. विकायची नाही, रंग बदलायचा नाही, बोलावले की हजर करायची, अशा अटींवर मालक स्वतःच्याच गाडीचा राखणदार होतो.

पंचनाम्यात कोण नसतो

ही दोन्ही दारे उघडतात ती एकाच कागदाच्या किल्लीने. तो कागद म्हणजे पंचनामा. उद्याच्या इतिहासकाराला आजच्या बांधकामाच्या जगाबद्दल सांगणारे हे फार मोठे साधन आहे. त्यात वेळ असते, ठिकाण असते, एम. एच. १४ ने सुरू होणारा क्रमांक असतो, हौद्याची मापे असतात, चालकाचे नाव आणि 'विचारणा केली असता परवाना सादर करू शकला नाही' हे ठरलेले वाक्य असते. मापे टेपने घेतली की नजर-अंदाजाने, वाळू नदीची की क्रशरची, अठ्ठेचाळीस तासांची मुदत पाळली गेली का, पकडणारा प्राधिकृत होता का, या चार प्रश्नांवर पुढे बऱ्याच प्रकरणांचा निकाल अवलंबून राहतो.

यातला दुसरा प्रश्न आमच्या पट्ट्यात रोज महत्त्वाचा होत चालला आहे. मोशीच्या बाजूला दगडखाणी आणि क्रशर आहेत आणि नदीच्या वाळूची जागा हळूहळू कृत्रिम वाळूने घेतली आहे. तीही गौण खनिजच आहे, तिलाही वाहतूक पास लागतो. 'महाखनिज' प्रणालीतून निघणाऱ्या या पासावर मालाचे प्रमाण, गाडीचा क्रमांक, कुठून कुठे आणि किती वाजेपर्यंत, हे सारे छापलेले असते. पुणे-नाशिक रस्त्यावरच्या कोंडीत गाडी दोन तास अडकली की कायदेशीर माल भरून निघालेला चालक नाक्यावर पोचेपर्यंत पासाची मुदत उलटलेली असू शकते. नदी ओरबाडणारा आणि कोंडीत सापडलेला, पंचनाम्यात दोघेही एकाच वाक्यात बसतात. त्यांना वेगळे करता येते ते फक्त क्रशरचे बिल, पास निघाल्याची वेळ आणि गाडीवरच्या जीपीएसची नोंद यांनी. म्हणून गाडी पकडल्याबरोबर वशिला शोधण्याआधी हे तीन कागद हाताशी करणे आणि खुलाशात लेखी मांडणे, हे मालकाच्या खऱ्या फायद्याचे असते. तोंडी सांगितलेले कोणत्याच फायलीत राहत नाही.

आणि पंचनाम्यात जो नसतो, तोही पाहिला पाहिजे. माल मागवणारा त्यात नसतो. ज्या इमारतीकडे गाडी निघाली होती तिचे नाव क्वचितच येते. चालक पगारी असतो, मालक घरी झोपलेला असतो, वाळू विकत घेणारा दुसऱ्या गाडीची वाट पाहत असतो. सापडलेल्या तिघांत जिच्याकडून वसुली होऊ शकते ती एकटी गाडी. दहा गाड्यांचा मालक दोन लाख नव्वद हजार भरतो आणि आठवड्यात ती पुन्हा रस्त्यावर आणतो. कर्जावर एकच गाडी घेतलेल्याचे हप्ते थांबतात, बॅटरी उतरते, टायर चिरतात, विमा संपतो, आणि सोडवण्याची रक्कम गाडीच्या उरलेल्या किमतीच्या पुढे गेली की तो तिच्याकडे पाठ फिरवतो. आवारात चार वर्षे उभ्या असणाऱ्या गाड्यांत अशा गाड्या असतात. आवारातून रातोरात गाड्या पळवल्याच्या बातम्या येतात. कायद्याने दिलेली वाट महाग झाली की आडवाट निघते, हे त्यांवरून दिसते.

कोष्टकाच्या पलीकडे

सरकारने वाळूचा प्रश्न बाजारातूनही सोडवून पाहिला आहे. २०२३ मध्ये लिलाव बाजूला ठेवून सरकारी डेपोतून सहाशे रुपये ब्रासने वाळू देण्याचे धोरण आले. दोन वर्षांतच, एप्रिल २०२५ मध्ये, ते गुंडाळून पुन्हा लिलाव आले, घरकुलाच्या लाभार्थ्याला पाच ब्रासपर्यंत मोफत वाळू ठरली आणि कृत्रिम वाळूला उत्तेजन मिळाले. झोपडपट्टी दादा, हातभट्टीवाले यांच्यासाठी केलेल्या १९८१ च्या स्थानबद्धतेच्या कायद्यात 'वाळू तस्कर' हा शब्द आधीच दाखल झाला आहे. धोरणे बदलली, शब्द कडक झाले, पण नाक्यावरचा व्यवहार तोच राहिला.

नदीच्या बाजूने बोलायचे तर जप्ती हवीच. पात्रातली वाळू ही पाणी धरून ठेवणारी गादी असते. ती गेली की काठच्या विहिरी आटतात, पुलांचे पाये उघडे पडतात. लाख-दोन लाखांच्या धाकाशिवाय हा उपसा थांबणार नाही, हे अधिकाऱ्यांचे म्हणणे चुकीचे नाही. अनेकांनी जीव धोक्यात घालून गाड्या अडवल्या आहेत. पण जप्तीचे हत्यार जेवढे धारदार, तेवढी चुकीची किंमतही मोठी. १८७१ च्या कायद्याला ते कळले होते. बैल धरणाऱ्याला त्याने चोवीस तास दिले, मालकाला तक्रारीसाठी दहा दिवस दिले, आणि धरणे चुकीचे ठरले तर भरपाईचा आकडा कायद्यातच लिहून ठेवला. आजच्या ४८ व्या कलमात अठ्ठेचाळीस तासांची मुदत आहे, दंडाचे कोष्टक आहे, बंधपत्राचा नमुना आहे. गाडी चुकीने धरली तर बुडालेल्या दिवसांचे काय, याबद्दल त्यात एक ओळही नाही. खनिज कायद्याचे २७ वे कलम सद्‌भावनेने काम करणाऱ्या अधिकाऱ्याला संरक्षण देते, आणि ते द्यायलाच हवे. पण ते संरक्षण धरणाऱ्याचे आहे. ज्याची गाडी धरली, त्याच्यासाठी कायद्यात एक ओळ घालायची झाली, तर तिचा मसुदा नव्याने शोधायला नको. कोंडवाड्याच्या कायद्याच्या विसाव्या आणि बाविसाव्या कलमांत तो दीडशे वर्षांपूर्वीच तयार आहे. शंभर रुपयांच्या जागी आजचा आकडा तेवढा घालायचा आहे.